जपून, आत म्हैस हाय

आमच्या शेणव्याच्या एसटी थांब्यासमोर माझं झेरॉक्सचं दुकान आहे. मशिनीपाशी उभी राहून माणसं एसटीत काय काय चढवतात ते मी दिवसभर बघत असते. कोंबड्या चढवतात, फणस चढवतात, एकाने तर लाकडी दाराची अख्खी चौकट चढवली आणि वर कंडक्टरशीच भांडला. पण डब्यात म्हैस घालून एसटीत चढणारा माणूस मी एकच बघितलाय. आमचे दामूतात्या.

धुतलेला पांढरा सदरा, डोक्याला टोपी आणि पोटाशी घट्ट धरलेला पितळेचा डबा. कंडक्टर सवयीने म्हणतो, "बाबा, डबा वर ठेवा फळीवर."

"वर नाय," तात्या म्हणतात. "आत म्हैस हाय. गाभन हाय. धक्का लागायचा तिला."

कंडक्टर नवीन असला की मग विचारू नका. एकाने झाकणच उघडायला लावलं. आत तांदूळ, आणि तांदळात मानेपर्यंत रुतवलेला एक पेनड्राइव्ह. त्याने तात्यांकडे बघितलं, मग माझ्याकडे बघितलं. मी दुकानातूनच हात हलवला, "बसू द्या हो, साधा माणूस आहे!" शेजारच्या बाईने मात्र गुपचूप जागा बदलली.

आता ही म्हैस काय भानगड आहे ते सांगते. तात्या भातसानगरला धरणावर नोकरीला होते, दरवाजे उघडायच्या नि लावायच्या कामावर. रिटायर झाले आणि शेणव्यात घरी आले. शेती आहे, पण ती धाकटा भाऊ बघतो. तात्यांनी जन्मात नांगराला हात लावलेला नाही. बायको लवकर गेली, लेक वैशू तेव्हा शाळेत होती. तेव्हापासून घरात बाप आणि लेक, दोघंच.

वैशूने कॉलेजसाठी जुना कॉम्प्युटर घेतला आणि त्यात एक शेतीचा गेम घातला. नांगरायचं, पेरायचं, पाणी घालायचं, गुरं पाळायची. तात्या आधी नुसते मागे उभे राहून नाक मुरडायचे. "भात नाय लावत? मंग खातात काय ही मानसं?" गेम परदेशातला, त्यात भात कुठून येणार? शेवटी तात्यांनी एका पिवळ्या पिकाला भात ठरवून टाकलं, खुर्ची पुढे ओढली आणि बसले ते बसलेच. गेममधली काळी गाय ही म्हैस झाली. एक कोंबडा होता, काम काही नाही आणि सकाळपासून नुसती आरडाओरड. त्याचं नाव ठेवलं साहेब.

फक्त पाण्यावर गाडी अडली. गेममध्ये तळं आहे, त्यातलं पाणी घेऊन पिकाला घालायचं. तात्या हातच लावायला तयार नाहीत. "वरून हुकूम हाय का?" सगळी नोकरी हुकमावर पाणी सोडण्यात गेलेली, ती सवय जाणार कशी? पीक वाळायला लागलं तेव्हा वैशूच साहेबीण झाली. खुर्चीमागे उभी राहून ओरडायची, "सोडा पाणी!" मग तात्या बटण दाबायचे. मी वैशूच्या फॉर्मसाठी एकदा त्यांच्या घरी गेले होते, तेव्हा हे नाटक डोळ्यांनी बघितलंय. दोघं पोट धरून हसत होती.

मग वैशूचं लग्न ठरलं, मुरबाडला. मुलगा चांगला, नितेश नाव, कारखान्यात सुपरवायझर आहे. पाठवणीला आम्ही सगळ्या बायका रडत होतो. तात्या कोरडे ठणठणीत. गाडीत बसणाऱ्या वैशूला मोठ्याने म्हणाले, "मंग शेताचं काय करायचं?"

नवऱ्याकडची माणसं एकमेकांकडे बघायला लागली. नवरदेवाचे काका पुढे सरकले, "शेत? कोणतं शेत? बोलणीत तर शेत नव्हतं." तात्यांच्या भावाचा चेहरा पांढराफटक. वैशू रडता रडता हसायला लागली आणि म्हणाली, "तात्या, शेत दोघांचं. थोडे दिवस तुमच्याकडे, थोडे दिवस माझ्याकडे." काकांना शेवटपर्यंत काही समजलं नाही. ते आजही कुठे भेटले की शेणव्यातल्या त्या जमिनीची चौकशी करतात.

तर अशी ती म्हैस एसटीने जायला लागली. थोडे दिवस शेणव्यात, मग पेनड्राइव्हमध्ये बसून मुरबाडला, मग परत. तांदूळ कशाला, तर ओल लागू नये म्हणून.

माझं आणि तात्यांचं भांडण इथेच झालं. मी म्हटलं, "तात्या, कॉपी करून न्या. एक घरी राहू द्या. पेनड्राइव्ह हरवला तर?"

"कापी नाय. कट करायचा," तात्या म्हणाले. "एक शेत दोन ठिकानी कसं आसंल? म्हैस मुरबाडला गेली म्हंजे हितं गोठा रिकामा पायजे."

"अहो, कॉपी म्हणजे तेच शेत. तसंच्या तसं."

"कापी म्हंजे सावली गो, रंजना. सावली दूध देते काय?"

झेरॉक्सच्या दुकानात उभं राहून, माझ्या तोंडावर! माझं सगळं घर सावल्या काढून चालतं. मी चार दिवस बोलले नाही त्यांच्याशी. पण त्यांचा हट्ट कायम. त्यामुळे प्रवासात ते शेत, ती म्हैस, तो साहेब, सगळं जगात फक्त त्या डब्यात असायचं. एकदा डबा बाकावर ठेवून ते तिकिटासाठी खिसे चाचपत होते, तेव्हा माझाच जीव वरखाली झाला.

निघताना नेहमी म्हणायचे, "धा मिनटांचं काम हाय. देतो नि येतो." परत यायचे दिवेलागणीला. मी वैशूला फोनवर विचारलं, की बाई, एक फाइल टाकायला एवढा वेळ लागतो कसा?

वैशू हसून हसून दमली. म्हणाली, "अगं ताई, फाइल टाकून होते लगेच. पण तात्या पेनड्राइव्ह काढू देत नाहीत. म्हणतात, गरम झालाय, निवू दे. तो निवेपर्यंत सासूबाई ताट वाढतात. नको नको म्हणत तात्या जेवतात. मग म्हणतात, नव्या गोठ्यात जनावर लगेच पाणी पीत नाही, बाजूला बसावं लागतं. मग खुर्ची घेऊन बसतात माझ्या शेजारी."

"आणि बोलतात काय?"

"काही नाही. मी पाणी सोडू का विचारते, ते हुकूम देतात. आता साहेब ते झालेत."

मला बाई मजा वाटायची. म्हातारपणी माणसाला काहीतरी खूळ हवंच. कोणी भजनाला जातं, कोणी नाक्यावर बसून सरकार चालवतं. तात्या म्हैस पोचवतात. बिघडलं काय?

पण जावईबापू पडले प्रेमळ. तात्यांचे एसटीतले हाल त्यांना बघवेनात. एका रविवारी शेणव्यात आले, तात्यांच्या कॉम्प्युटरवर काहीतरी खटपट केली आणि म्हणाले, "तात्या, आता तुम्हाला यायची गरजच नाही. इकडे खेळलात की शेत आपोआप इंटरनेटवरून वैशूकडे जाईल, तिने खेळलं की इकडे येईल. तुम्ही घरी आरामात बसा."

तात्या म्हणाले, "वा! जावईबापू हुशार." जावयाला नाही कोण म्हणणार? नितेशला नाक्यापर्यंत पोचवायला आले, माझ्या दुकानातून थंडा पाजला, गाडी वळेपर्यंत हात हलवत राहिले.

मीही खूश झाले, खोटं कशाला बोलू? म्हटलं, सुटले बिचारे. आणि कॉपीला नावं ठेवत होते ना, बरी जिरली!

मग तात्या रोज दुकानात येऊन बसायला लागले. बाकावर बसायचे, एसटी आली की बघायचे, गेली की बघायचे. बोलणं नाही. मी दोनचार टोमणे मारून बघितले, उलटून एक शब्द आला नाही. तात्यांनी उलट बोलू नये म्हणजे काहीतरी बिनसलंय हे ओळखायला मला वेळ लागला, कारण गिऱ्हाइकांची गर्दी होती.

"तात्या, म्हैस बरी आहे ना?"

"बरी हाय. वैशू बघते."

"आणि तुमचा तो डबा? दिसला नाही बऱ्याच दिवसांत."

"फळीवर ठेवलाय."

"तांदूळ आहेत का त्यात?"

"शिजवून खाल्लं," तात्या म्हणाले.

मशीन चालू होती. मी ती बंद केली. म्हटलं, "तात्या, मुरबाडला जावंसं वाटतं ना तुम्हाला? मग जा की! तुमची लेक आहे."

"उगाच कसा जाऊ गो?" ते म्हणाले. "काम आसलं तर गोष्ट येगली. लेकीच्या दारात बाप कामाशिवाय जाऊन बसला तर तिच्या सासूला काय वाटंल? म्हनंल, म्हाताऱ्याला घरी कोन इचारत नाय. वैशूला खाली बघाया लागंल." मग म्हणाले, "म्हैस होती तवर बरं होतं. मी म्हशीसाठी जात व्हतो."

आम्ही सगळे त्या डब्याला हसत होतो. मांडवात न रडलेल्या त्या बापाने रडण्याऐवजी शेताचं विचारलं होतं आणि लेकीने ते तेव्हाच ओळखलं होतं, आमच्या डोक्यात मात्र प्रकाश पडला नव्हता. मी त्यांना चहा दिला. दुसरं करणार तरी काय होते? जावयाला जाऊन सांगू, की तुमचं इंटरनेट काढा, सासरे बेकार झालेत? तात्यांनी मला परत तोंड दाखवलं नसतं.

पुढच्याच आठवड्यात सकाळी दुकानाच्या फोनवर मुरबाडहून फोन आला. वैशूची सासू. तात्यांचा फोन नेहमीसारखा बंद, बॅटरी खर्च होते म्हणून. त्या बाई तशा कमी बोलणाऱ्या, पण आवाज खणखणीत.

"ताई, आमच्या व्याह्यांना निरोप द्या. म्हनावं, म्हैस अडलीय."

"अडलीय?" मी म्हटलं.

"अडलीय म्हंजे पार अडलीय. काल रात्रीपास्नं. व्यायाची हाय ना ती? आमाला कुनाला त्यातलं कळत नाय. त्यांनाच यायला लागंल."

"वैशूला देता का फोन?"

"ती बाजारात गेलीय. तिला नका इचारू." मग जरा आवाज उतरवून म्हणाल्या, "अवो ताई, मानसाला लेकीकडं यायला काम लागतं का? पन त्यांना लागतं. तर हे घ्या म्हनावं काम. आनि नितेशचं ते इंटरनेट मी बंद कराया लावते. मेल्यानं माजा पावना बंद केला. तांदळाच्या भाकऱ्या करतेय, जेवायला या म्हनावं."

मी दुकान तसंच टाकून तात्यांच्या घरी पळाले. निरोप ऐकून तात्या ताडकन उठले. "मी म्हनलं नव्हतं? वायरीतून कवा जित्राब जातं का? नेलं ना फरफटत, गाभन जनावर!" जावयाचा, इंटरनेटचा आणि माझ्या झेरॉक्सचा त्यांनी एका दमात उद्धार केला. बऱ्याच दिवसांनी मला शिव्या खाऊन बरं वाटलं. आंघोळ झाली, पांढरा सदरा चढला, टोपी चढली. फळीवरचा डबा खाली आला. तांदूळ मी माझ्या घरून आणून भरले.

थांब्यावर आम्ही दोघं उभे होतो. तात्या आता शांत झाले होते. डबा पोटाशी धरून हळूच म्हणाले, "रंजना, म्हैस अडलेली नाय."

"म्हणजे?"

"परवाच व्याली ती. रेडकू उड्या मारतंय गोठ्यात. सकाळीच बघितलं मी, कापूटर लावून."

"मग मघाशी एवढा आरडाओरडा कसला केलात?"

"इहीनबाईंना काय ठाव ती व्याली ते? त्यांनी मला बोलवाया एवढं केलं." तात्यांनी सदऱ्याच्या बाहीने डोळे पुसले, उघड उघड, लपवलं नाही. "आता म्हैस बरी हाय म्हनून मी घरी बसू काय? बरं दिसतं काय ते?"

"मग या डब्यात काय नेताय?"

"काय नाय. रिकामाच हाय पेनड्राइव्ह."

एसटी आली. तात्या चढले, खिडकीपाशी बसले. कंडक्टर नवीन होता. तो म्हणाला, "बाबा, डबा वर ठेवा फळीवर."

"वर नाय," तात्यांचा आवाज मला खाली थांब्यावर ऐकू आला. "जपून! आत म्हैस हाय. आनि आता रेडकू पन हाय."