पलंगाच्या पत्त्यावर कमोडची खुर्ची

मेव्हण्याच्या फर्निचरच्या दुकानाची वेबसाइट एका दुपारी सुतासारखी सरळ करून दाखवतो, असं मी भर जेवणात जाहीर केलं आणि दाखवलीही! साइटवरच्या पानांचे जुने पत्ते काय होते? दुकानाचं नाव, प्रश्नचिन्ह, मग कसलासा आकडा. असल्या पत्त्याकडे सर्च इंजिन तरी कशाला फिरकेल? मी केलं 'पलंग/सागवानी'. वाचताच झोप यावी!

"भावोजी, हॉटेलचे मॅनेजर उद्या साइट बघून पलंग ठरवणार आहेत," मेव्हणा म्हणाला. "अख्ख्या हॉटेलची ऑर्डर आहे. गडबड नको हं."

"तू निर्धास्त झोप!"

आता या पत्त्यांचे नियम लिहून द्यावे लागतात. साइट ते वरून खाली वाचते आणि जो आधी लागू पडेल तोच पाळते. मी एक खास नियम घातला होता: पत्ता कुठलाही असो, गिऱ्हाइकाला 'आजची खास वस्तू' दाखव. चुकलेमाकलेलेही रिकाम्या हाती जायला नकोत! असा नियम सगळ्यात शेवटी लिहायचा असतो. पण इतका हुशार नियम तळाला? छे! मी त्याला सगळ्यात वर बसवला.

सकाळी मेव्हण्याचा फोन.

"भावोजी, पलंग उघडला तर कमोडची खुर्ची येतेय!"

"आजची खास वस्तू असेल. कपाट बघ."

"कपाटातही तीच! 'आमच्याविषयी' उघडलं तरी तीच!"

"दोन मिनिटांत दुरुस्त करतो!" म्हणत मी दुरुस्तीसाठीचं लॉगिनचं पान उघडलं. कमोडची खुर्ची!

"म्हणजे किल्ली आत ठेवून दार ओढून घेतलंस," बायको शांतपणे म्हणाली.

तेवढ्यात मॅनेजरचा निरोप आला: आमचं हॉटेल आहे, हॉस्पिटल नाही. मेव्हणा रडकुंडीला आला. पण मी हार मानणारा नव्हे!

"फोटो दिसत नाही ना? मग पलंगच दाखवू!"

टेम्पोत पलंग टाकला. हॉटेलच्या लिफ्टमध्ये तो मावेना, म्हणून मी आणि मेव्हण्याने जिन्याने चढवला. मॅनेजर त्यावर आडवे झाले, डोळे मिटले आणि पडल्या पडल्याच म्हणाले, "पक्का! ऑर्डर तुम्हाला. पण ती साइट कोणी केली हो?"

मेव्हण्याने माझ्याकडे पाहिलं. मी घामाने निथळत भिंतीला टेकलो होतो.

"त्याला काढून टाकला, साहेब."

"बरं केलंत!" मॅनेजर उठले आणि माझ्या पाठीवर थाप मारत म्हणाले, "हा गडी मात्र सोडू नका!"

इतकी मनापासून शाबासकी मला कॉम्प्युटरच्या कामात आजवर मिळालेली नाही.