लिमयेबाईंचं केशरी ॲप

आमच्या कर्वेनगरच्या सोसायटीत पाणी बंद राहणार असलं की सगळ्यांना ग्रुपवर कळतं. फक्त तिसऱ्या मजल्यावरच्या लिमयेबाईंसाठी सेक्रेटरींना चिठ्ठी घेऊन जिने चढावे लागतात. एकदा ते धापा टाकत म्हणाले, "बाई, आता तरी ग्रुपवर या."

"पाणी गेलेलं कळायला माझ्याकडे नळ आहे," बाई म्हणाल्या.

बाई गणिताच्या निवृत्त शिक्षिका. फोन आहे त्यांच्याकडे, पण म्हातारा. मागून रबरबँड लावलेला, नाहीतर झाकण निसटतं. तो सुरू करून बाई चहा टाकतात. चहा गाळून झाला की फोन जागा होतो. त्यात नवं काही चालत नाही. चालतं ते निरोप पाठवायचं एकच केशरी ॲप, बाकी जगानं केव्हाच सोडलेलं. "गर्दी नसते, बरं वाटतं," म्हणतात.

मी त्यांच्या समोरच राहतो. रोज दुपारी कधीतरी 'टुंग' वाजायचं आणि बाई बोलणं अर्धं टाकून आत पळायच्या. त्या ॲपवर दुसरं कोण उरलंय, हे कुतूहल मला स्वस्थ बसू देईना.

एके दिवशी बाईंनीच हाक मारली. पडद्यावर सूचना होती: ही सेवा महिनाअखेर बंद होत आहे. खालचे निरोपही दिसले. बाईंची लांबलचक पत्रं आणि प्रत्येकाला उत्तर म्हणून फक्त एक सूर्याचं चित्र.

"मंदा. हॉस्टेलपासूनची मैत्रीण, साताऱ्याला असते," बाई म्हणाल्या. "अर्धांगवायूनं वाचा गेली. पण वाचते सगळं."

"एवढंच ना? नवा फोन घ्या. पाच मिनिटांत शिकवतो."

"मला शिकवाल हो. पण तिला तो सूर्य दाबायला चार महिने लागले. मी शेजारी बसले होते."

मग बाईंनी एकसारखे दोन फोन आणले. माझ्याकडून एकेक पायरी वहीत उतरवून घेतली, दाराला कुलूप लावलं आणि साताऱ्याला गेल्या. परतल्या त्या महिना उलटून गेल्यावर.

"जमलं का त्यांना?" मी विचारलं.

"छे. नव्यात सूर्य सापडतच नाही तिला. हाताला लागेल ते दाबते. परवा मिरची आली, काल विमान."

"आणि आज?"

बाईंनी फोन पुढे केला. गेंडा होता.

"मजेत आहे," त्या म्हणाल्या आणि चष्मा पुसून उत्तर लिहायला बसल्या.