शेपटीवाली ससुली

"तुझी शेपटी माझ्या शेपटीला लागली, त्याच क्षणी मी तुझा झालो!"

जावयाचे हे उद्गार बाथरूमच्या बंद दारातून बाहेर आले आणि टॉवेल द्यायला आलेल्या सासूबाई जागच्या जागी थिजल्या. आत पुन्हा तेच वाक्य, या वेळी जरा हळुवार. मग एक उसासा. सासूबाईंनी टॉवेल दाराच्या कडीला अडकवला आणि तडक स्वयंपाकघर गाठलं.

"दुसरी आहे," त्या लेकीला म्हणाल्या. "आणि तिला शेपटी आहे."

"आई, बाईला शेपटी कशी असेल?"

"मी काय बघायला गेले होते? कानांनी ऐकलं ते सांगितलं."

जावई धंद्याने डबिंग कलाकार. आवाज असा भरदार, की स्टुडिओत सगळे त्याला 'भारदस्त' म्हणूनच हाक मारत. आजवर त्याने खलनायक केले, न्यायाधीश केले, लिफ्टमध्ये 'दरवाजा बंद होत आहे' केलं. पण प्रेम काही त्याच्या वाट्याला आलं नव्हतं. आता एका जपानी कार्टून मालिकेत त्याला नायक मिळाला होता. लांडग्याचे कान आणि झुबकेदार शेपूट असलेला एक तरुण, सशाचे कान आणि शेपटी असलेल्या लाजऱ्या तरुणीवर जीव टाकणारा. कालच दिग्दर्शिकेने बजावलं होतं, "सर, तुम्ही प्रेम करताय असं वाटत नाही, चौकशी करताय असं वाटतं. उद्या जमलं तर ठीक, नाहीतर मला दुसरा आवाज बघावा लागेल."

घरी त्याने यातलं अवाक्षर काढलं नव्हतं. तेवढ्यात टेबलावरचा त्याचा फोन वाजला आणि बायकोची नजर पडद्यावर गेली. 'आज ससुलीला जिंकायचंच, सर! लवकर या.'

"ससुली!" बायकोच्या हातातला चमचा खाली पडला.

"लाडाचं नावसुद्धा ठेवलंय," सासूबाई म्हणाल्या. "चल, चप्पल घाल."

थोड्याच वेळात भारदस्त रिक्षात तोंडातल्या तोंडात पुटपुटत पुढे, मायलेकी टॅक्सीने मागे. तो एका इमारतीच्या तळघरात शिरला, तशा त्याही शिरल्या. कोपऱ्यावरच्या दारावर लाल दिवा लागला होता.

"लाल दिवा!" सासूबाई दबक्या आवाजात म्हणाल्या. "आणखी काय पुरावा हवा?"

अर्धवट लागलेल्या दारातून भारदस्तचा आवाज आला, "जग मला लांडगा म्हणतं, ससुली. आणि खरंच आहे ते. मी लांडगाच आहे!"

"स्वतःच्या तोंडाने कबूल करतोय!" असं ओरडत सासूबाईंनी दार ढकललं आणि त्या थेट माइकपुढेच जाऊन उभ्या राहिल्या. "लांडग्या! माझ्या लेकीला फसवलंस तर एकेक दात उपटून हातात देईन!"

भारदस्तच्या हातातले कागद गळून पडले. काचेपलीकडे दिग्दर्शिका ताडकन उभी राहिली. बायकोचं मात्र समोरच्या मोठ्या पडद्याकडे लक्ष गेलं. तिथे एक देखणा तरुण कान पाडून उभा होता आणि त्याच्यासमोर लांब कानांची एक नाजूक नायिका लाजत होती.

"ही ससुली?"

"हीच," भारदस्त म्हणाला.

बायकोला हसू आवरेना. मग एकदम तिचा चेहरा उतरला. "पण मला का नाही सांगितलंत?"

"मागच्या वेळी नायक मिळाला म्हणून तू सगळ्यांना सांगत सुटली होतीस. मग तो हातचा गेला. तुझा तेव्हा पडलेला चेहरा मला पुन्हा बघवला नसता गं."

"सर, हाच आवाज!" स्पीकरमधून दिग्दर्शिका किंचाळली. "वहिनींकडेच बघा आणि वाक्य म्हणा. शेपटीचं!"

भारदस्तने बायकोकडे पाहिलं. "तुझी शेपटी माझ्या शेपटीला लागली," तो हळूच म्हणाला, "त्याच क्षणी मी तुझा झालो."

पडद्यावरची ससुली लाजली. पण बायकोचे कान तिच्याहून लाल झाले. काचेपलीकडे टाळ्या पडल्या. "ओके!" दिग्दर्शिका म्हणाली. "सगळे भाग तुमचेच, सर!" भारदस्तने आनंदाच्या भरात बायकोला उचललंच. सासूबाईंनी तोंड फिरवलं.

"आणि आजी," दिग्दर्शिका आता आत धावत आली, "ते 'लांडग्या' परत एकदा म्हणाल? ससुलीच्या आईसाठी कधीची असा आवाज शोधतेय मी."

सासूबाईंनी पदर सावरला. "काय करते ती आई?"

"पहिल्यापासून शेवटच्या भागापर्यंत जावयाला विरोध."

"मग हिला तालीम नको," बायको म्हणाली. "आमच्या लग्नापासून करतेच आहे."

"जावईबापू, जरा सरका," सासूबाई हेडफोन कानाला लावत म्हणाल्या. "माझं तोंड माइकसमोर नीट येत नाहीये."