टोकाला टोक

पद्माक्कांच्या घरी जाताना आमच्या गल्लीत कुणी नवे कपडे घालत नाही. उंबरा ओलांडताच त्या कमरेला खोवलेली छोटी कात्री काढतात. "एक धागा देऊन जा की!" पदराचा, बाहीचा, कुठलाही चालतो. एकदा सात रस्त्याच्या सिग्नलला रिक्षात बसल्या बसल्या शेजारच्या स्कूटरस्वाराच्या खांद्यावर लोंबणारा निळा दोरा त्यांनी ओढला. तो उसवतच गेला. दिवा हिरवा झाला, मागे भोंग्यांचा कल्लोळ उठला, आणि दोऱ्याच्या एका टोकाला अक्का, दुसऱ्या टोकाला तो बिचारा.

"कात्री घरी राहिली हो," अक्का त्याला समजावत होत्या, "जरा दमानं घ्या!"

अक्का कलावंत आहेत. चित्रे काढतात, मागांचे आवाज ध्वनिमुद्रित करतात, अंगाला सूत गुंडाळून नाचतात. "नेमकी कला कोणती?" असे माझ्या यजमानांनी एकदा धीर करून विचारले.

"भावजी, घरात तेलुगू, शाळेत मराठी, गल्लीत दखनी, भाजीवालीशी कानडी. सोलापुरात एका भाषेत भागतं का? मग एका कलेत कसं भागंल?"

उत्तर संपेतो यजमानांच्या सदऱ्याचा धागा गेला होता.

पुढच्या खोलीत त्यांच्या वडिलांचा, नान्नांचा, हातमाग आहे. खळीचा आंबूस, उबदार वास अजून त्या लाकडात मुरलेला. शेवटचे लुगडे उतरवून नान्ना गेले, त्यालाही आता बरीच वर्षे झाली. मागावर उभ्या धाग्यांची टोके तेवढी राहिली, वाळल्या गवतासारखी. विणकर माग कधी पुरता रिकामा करत नाही. नवे धागे जुन्यांच्या टोकांनाच एकेक करून सांधतो.

यंदा पुण्याच्या एका मोठ्या प्रदर्शनाने अक्कांना प्रथमच बोलावले, मागासकट. अक्कांनी गल्लीभर शेंगापोळ्या वाटल्या. टेम्पो आला. मोहोळचा चालक मागाभोवती फिरून म्हणाला, "अक्का, हे दोरे कापल्याबिगर माग सुटायचा न्हाय."

अक्कांनी कात्री काढली. नवरदेवाच्या शेल्यालाही न सोडणारा तो हात टोकांपाशी थांबला, आणि थांबूनच राहिला.

"नको नेऊ."

"आन् पुण्याला काय सांगू?"

"म्हातारा उठत न्हाय म्हणावं."

टेम्पो रिकामा गेला.

दोन दिवसांनी दुपारी त्यांची हाक आली. "वैनी, जरा येता?" सवयीने मी जुनेर नेसूनच गेले. चटईवर आम्हा सगळ्यांचे धागे पसरले होते. माझ्या शालूचा जांभळा, यजमानांचा पांढरा, त्या स्कूटरवाल्याचा निळासुद्धा. बारीक गाठींनी जोडून त्यांचे लांबलचक दोरे केलेले.

"बसा समोर. सांधायला दोघं लागतात. एकानं धागा द्यायचा, एकानं गाठ मारायची. लहानपणी मी द्यायची, नान्ना मारायचे."

"मग इतकी वर्षं का नाही सांधलंत?"

"द्यायला कोण हाय?"

मागाच्या पलीकडे मी मांडी घातली. जांभळा धागा पुढे केला. त्यांनी तो चिमटीत घेतला, नान्नांच्या टोकाला भिडवला, गाठ आवळली. मी लगबगीने दुसरा उचलला.

"सावकाश द्या, वैनी," मान वर न करता त्या म्हणाल्या. "लई टोकं हायत अजून."