एकोणतीस वेळा मेलेल्या डोरीनबाई

आमच्या शेजारच्या डोरीनबाई आजवर एकोणतीस वेळा मेल्या आहेत. त्यातल्या सात वेळा पिशाच्चानं मानेचा चावा घेऊन, दोनदा विहिरीत आणि एकदा एका मठात, उकळत्या मेणाच्या कढईत. हा हिशेब त्यांनी मला पहिल्याच भेटीत ऐकवला. मी लीड्समध्ये नुकतीच राहायला आले होते आणि रिसायकलिंगचा डबा कुठल्या वारी बाहेर ठेवायचा, एवढंच विचारायला गेले होते.

तरुणपणी बाई इटलीत नि स्पेनमध्ये भुताखेतांच्या सिनेमांत कामं करायच्या. आता ऐंशी ओलांडली, गुडघे कुरकुरतात, पण मरायची हौस काही फिटलेली नाही. चहाला आल्या की माझ्याबरोबर मराठी सीरियल बघतात. भाषेचा गंध नाही! तरी परवा सीरियलमधल्या सासूबाईंनी छातीला हात लावून प्राण सोडला, तर या कडाडल्या, "छे, डोळे आधीच मिटले! मरायची घाई करू नये, लव्ह." (हे 'लव्ह' म्हणजे इथलं 'बाळा'.) आणि ते नीट कसं करायचं ते माझ्या नव्या कार्पेटवर आडवं होऊन दाखवलं. त्यांना उठवताना माझी कंबर धरली, ते वेगळंच.

अशा या धीट बाईला मागच्या महिन्यात मी रडकुंडीला आलेलं पाहिलं. इथला एक फिल्म क्लब त्यांचा जुना सिनेमा दाखवणार होता आणि नंतर त्यांनी स्टेजवर बोलायचं होतं.

"मग अडलंय कुठं?" मी म्हणाले.

"आवाज!"

तेव्हा म्हणे तिकडच्या सेटवर जो तो आपापल्या भाषेत बोलायचा आणि नंतर सगळ्यांचं डबिंग व्हायचं. बाईंना दर वेळी दुसऱ्याच कुणीतरी आपला मखमली आवाज दिला होता. एकाही सिनेमात त्यांचा स्वतःचा आवाज नाही.

"लोक त्या आवाजावर फिदा आहेत, लव्ह. मी माझी ही इथली राकट यॉर्कशर बोली बोलायला लागले की संपलंच. पण मरायच्या आधी, खरंखुरं मरायच्या आधी, एकदा तरी माझा आवाज लोकांनी ऐकावा गं."

"मग चला की! मी बसते पुढच्या रांगेत."

थिएटर भरलं होतं. पडद्यावर तरुण डोरीन छातीत खंजीर घेऊन मरत होती, अर्थातच सावकाश. सिनेमा संपला, बाई स्टेजवर गेल्या. माइक त्यांनी दोन्ही हातांनी घट्ट धरला.

एका टकल्या गृहस्थानं विचारलं, "मरताना तुमचे ओठ केवढे हलतात, ऐकू मात्र नुसता उसासा येतो. काय बोलत होतात?"

मग तो राकट आवाज आला. "आईशी बोलत होते."

आई कापडगिरणीत होती. मागांच्या खडखडाटात कुणाचं कुणाला ऐकू यायचं नाही, म्हणून गिरणीतल्या सगळ्या बायका ओठांवरून बोलणं वाचायच्या. बाई सिनेमापायी घरातून भांडून गेलेल्या. आईनं दार बंद केलेलं. पत्रं न उघडताच परत यायची. पण मुलीचा सिनेमा गावात लागला, तर आई चोरून का होईना बघेल, एवढं बाईंना ठाऊक होतं.

"तो सीन पुन्हा लावा," त्या म्हणाल्या. "आवाज बंद करून."

पडद्यावर ओठ हलू लागले आणि स्टेजवरून त्या बोलू लागल्या, "आई, चुकलं माझं. फार आठवण येते तुझी. घरी येऊ का?"

माझे डोळे घळाघळा वाहत होते.

"मग? आईला कळलं?" टकल्या गृहस्थानं विचारलं.

"पत्र आलं की! 'ये,' म्हणाली. 'आणि दोन घास खात जा, पडद्यावर नुसती हाडं दिसतात.'"

अख्खं थिएटर हसलं. डोरीनबाईंनी माइक काही सोडला नाही. पुढचा पाऊण तास त्या आपल्या आवाजात बोलत राहिल्या.