आकाशीच्या धोंड्यास नाव देणे याची हकीकत

श्री. जे चळे तयास नमस्कार आणि जे न चळे तयासही नमस्कार. शके सत्राशें ब्याण्णव, प्रमोदनाम संवत्सर, कार्तिक वद्यपक्षी एका राज्यात आकाशीच्या धोंड्यास नाव द्यावयाचा प्रसंग पडला, तो जैसा घडला तैसा लिहितो. राज्य कोणते हे पुसों नये, आणि राजेसाहेबांचे नाव तर पुसोंच नये. त्याचे कारण शेवटी येईल, तोवर दम धरावा.

राजधानीच्या टेकडीवर वेधशाळा होती आणि तेथे दर्याबाई जोशी दुर्बिणीची नळी लावून ताऱ्यांचे वेध घेत असत. त्यांचे तीर्थरूप दादंभट यांणी आपले हयातीत मंगळ आणि गुरू यांचे दरम्यान, मंगळाचे अंगास, एक बारीक ठिपका चळताना पाहिला होता. त्या प्रांती धोंड्यांचे मोठे खिल्लार सूर्याभोवती फिरते, त्यातलाच हा एक, निव्वळ दगडाचा, अंगचा उजेड काडीचा नाही, सूर्याचा पडेल तेवढ्यावर गुजराण. आणि ज्योतिष्यांची रीत ऐसी की तीन वेध पडले तर सूर्याभोवती फिरण्याची वाट बसते, आणि वाट बसली तरच धोंडा खरा. भटजींचे दोन वेध जाहले आणि मग आभाळ आले, ते हटेना, आणि हटले तेव्हां धोंडा दूर जाऊन दिसेनासा जाहला होता. मग दरबारी हंसे जाहले. कारभारी नारो गोमाजी भर सभेत बोलिले जे भटजींच्या डोळ्यांत कुसळ गेले, त्यास हे ग्रह म्हणतात. आणि ते बोलणे बाजारात पोरासोरांच्या तोंडी जाहले. भटजी त्या दुःखातच गेले. बापास खोटे म्हटलेले लेकीच्या काळजात रुतते, ते रुतून बसले.

आणि बहुत वर्षांनी त्या कार्तिकात तोच ठिपका बाईंस पुन्हा सांपडला आणि दोन वेधही जाहले. बाई रडल्या आणि मग हंसल्या. हे वर्तमान दरबारी जाताच नारो गोमाजींनी टोपी फिरविली आणि अर्ज केला जे खुद्द महाराजांच्या नावाचा तारा उगवला. राजेसाहेब मनाचे भोळे, मोठेपणाची हौस दांडगी. ते हरखले आणि तिसऱ्या वेधाचे रात्री नावाचा समारंभ करावा ऐसी आज्ञा जाहली. इकडे बाईंस अडचण पडली. कारण ज्योतिष्यांच्या सभेचा नेम ऐसा जे राजे आणि लढवय्ये यांचे नाव आकाशी लावणे तें त्यांस कैलासवास होऊन शंभर वर्षे लोटल्यावर, आधी नाही. परंतु वेधशाळा महाराजांच्या मर्जीवर. म्हणोन आज सांगू, उद्या सांगू करीत बाई गप्प राहिल्या. कोणीही राहिले असते.

मग ती रात्र आली आणि आभाळ धुतल्यासारखे स्वच्छ, आणि कारभाऱ्यांनी काय केले म्हणावे! ताऱ्याचा मान म्हणोन तटावर दिवे, घरोघर दिवे, टेकडीच्या पायऱ्यांवर मशाली. शहर ऐसे झगमगले की वरचे आकाश ताक ओतल्यासारखे पांढुरके जाहले आणि नळीत काही म्हणता काही दिसेना. धोंडा रोज दूर जात होता. आजची रात्र गेली की नजरेत येणार नव्हता, आणि दादंभट कायमचे खोटे ठरणार होते. तेव्हां बाई डोईवर पदर घेऊन टेकडी उतरल्या आणि वाजंत्री चालू असता थेट महाराजांसमोर उभ्या राहिल्या.

"महाराज, दिवे मालवावे. यांच्या उजेडात तो दिसत नाही."

कारभारी म्हणाले, मंगल प्रसंगी दिवे मालविणे हा अपशकुन. बाईंस तेवढेच मागून परतता आले असते. परंतु बापाच्या धोंड्यावर लबाडी नको ऐसे मनास आले आणि त्या बोलिल्या, "आणि दुसरेही ऐकावे. त्यास आपले नाव लागणार नाही. राजाचे नाव लावणे ते राजा जाऊन शंभर वर्षांनी, ऐसा नेम आहे. मी भिऊन सांगितले नाही."

वाजंत्री थांबली. राजेसाहेब म्हणाले, "शंभर वर्षांनी आमचे नाव कोण काढणार?"

"ते मला ठाऊक नाही, महाराज."

राजेसाहेबांनी दिव्याकडे पाहत हळूच पुसिले, "तुमच्या वडिलांस सभा हंसली, तेव्हां आम्हीही हंसलो होतो ना?"

"होय, महाराज."

मग महाराजांनी पुढ्यातली समई आपल्या हाते शांत केली. ते पाहोन सभेने दिवे मालविले आणि मग गल्लोगल्ली अंधार पसरत गेला, आणि लेकरे आधी भ्याली आणि मग माना वर करून बघत राहिली. महाराज चाचपडत टेकडी चढले, बाईंनी वेध पुरा केला आणि नळी त्यांचे स्वाधीन केली. "हाच? एवढासा?" महाराज म्हणाले.

"एवढासाच," बाई म्हणाल्या, "पण आहे."

येणेंप्रमाणे वाट बसली. महाराजांनी आपण होऊन म्हटले म्हणोन धोंड्यास दादंभट हे नाव दिले, आणि त्या तिथीस शहर दरसाल दिवे मालविते. महाराजांनी अखेरीस आज्ञा केली जे आकाशास जो नेम तो कागदासही असावा. त्यांचे नाव या लेखकास तोंडपाठ आहे. लिहिले नाही, शंभर वर्षे अद्याप भरली नाहीत.