हे गुळगुळीत झालेत

ज्याच्या धडावर डोकं आहे त्याला माहितीपुस्तिका लागत नाही, असं पंचनाम्याचं ठाम मत होतं. त्यामुळे कॅमेऱ्याच्या खोक्यातून निघालेली पुस्तिका त्याने न उघडताच चहाच्या कपाखाली ठेवली आणि बायकोला सांगितलं की चहा संपायच्या आत कॅमेरा गाडीत बसलेला असेल.

पंचनामा हे अर्थातच त्याचं खरं नाव नव्हे. तो विमा कंपनीत कामाला होता. लोक भरपाई मागायचे आणि त्यातलं खोटं कोण बोलतंय ते हा हुडकून काढायचा. दिवसभर दुसऱ्यांचे फुटके बंपर बघून त्याची नजरच तशी झाली होती. घरात दूध उतू गेलं तरी गॅस बंद करायच्या आधी हा विचारायचा, त्या वेळी ओट्यापाशी कोण होतं? ऑफिसात पडलेलं नाव चालत चालत घरापर्यंत आलं, आणि लेकीच्या मैत्रिणीसुद्धा त्याला पंचनामाकाका म्हणू लागल्या. त्याला ते आवडायचं, हे आणखी एक.

तर गाडीच्या डाव्या दारावर एक ओरखडा उमटला होता. चांगला हातभर लांब. पंचनाम्याने घरातल्या सगळ्यांची उलटतपासणी घेतली. बायको शाळेत भूगोल शिकवायची. ती म्हणाली, ‘असेल कुठेतरी घासलं.’ लेक म्हणाली, ‘मला तर गाडी चालवताच येत नाही.’ मेव्हण्याकडे गाडी मधूनमधून जायची. तो नुसता हसला. या तिन्ही जबान्या पंचनाम्याला सारख्याच संशयास्पद वाटल्या. घरच्या माणसांवर आपण संशय घेत नाही, असं जाहीर करून त्याने दुसऱ्याच दिवशी कॅमेरा मागवला.

कॅमेरा साधासुधा नव्हता. आरशामागे कायमचा बसणारा होता. एक डोळा रस्त्याकडे, दुसरा डोळा आत, शिवाय कान. घरी मात्र त्याने एकाच डोळ्याची ओळख करून दिली. ‘हा फक्त बाहेर बघतो,’ तो म्हणाला. आतल्या काळ्या टिकलीबद्दल लेकीने विचारलं तेव्हा, तो स्क्रू आहे म्हणाला.

आता बसवण्याचं. वायर छताच्या कडेने खाली आणून फ्यूजच्या डब्यात जोडायची होती. पंचनामा स्टिअरिंगखाली डोकं घालून शिरला. शिरताना शिरला, पण निघेना. शेवटी बायकोने पाय धरून त्याला बाहेर ओढलं तेव्हा त्याच्या कपाळाला वंगण होतं आणि हातात प्लॅस्टिकची एक तुटकी पट्टी होती. ती जास्तीचीच असते, असं त्याने सांगितलं. मग त्याची नजर आरशाशेजारच्या छतातल्या दिव्यावर गेली. वीज इथे बोटभर अंतरावर असताना खाली कशाला मरायला जायचं? त्याने दिव्याचं झाकण उचकटलं, वायरीला वायर पिळली, वर चिकटपट्टी गुंडाळली आणि कॅमेऱ्याचा हिरवा दिवा लागला! गाडीची दारं सताड उघडी होती आणि त्यातून एक पाय बाहेर सोडून बसलेला पंचनामा स्वतःवर बेहद्द खूश होता. चहा तेवढा पार गार झाला होता.

फोनवर ॲप उतरवून घेतलं, कॅमेऱ्यातली बाई ‘रेकॉर्डिंग सुरू’ असं बोलायची तिचा आवाज बंद केला, आणि पंचनामा वाट बघत बसला.

पहिल्याच दिवशी त्याला धक्का बसला. रेकॉर्डिंग होतं, पण तुकड्यातुकड्यांत. माणूस गाडीत बसला, दार लावलं, की बंद. पुन्हा दार उघडून माणूस उतरला, की सुरू. मधल्या प्रवासाचा पत्ताच नाही. दुसरा एखादा म्हणाला असता की जोडणीत काहीतरी चुकलंय. पंचनामा तसं म्हणणाऱ्यांतला नव्हता. गाडी निघाली की कुणीतरी कॅमेरा बंद करतंय, हे त्याने ताडलं. त्याच्या स्वतःच्या प्रवासाचंही रेकॉर्डिंग नव्हतं. तेव्हा त्याला वाटलं, बघा, किती पोचलेला माणूस आहे, मला शंका येऊ नये म्हणून माझंही पुसतोय!

मग एका संध्याकाळी तो तुकडा हाती लागला. बायको आणि मेव्हणा गाडीत बसत होते. बायको म्हणत होती, ‘हे आता अगदी गुळगुळीत झालेत रे. पकड म्हणून उरलेली नाही.’ आणि दार लागलं.

बायको त्याचा उल्लेख नेहमी ‘हे’ असाच करायची. हे आले, हे जेवले, हे चिडले. पंचनाम्याचा हात आपोआप डोक्यावर गेला. तिथे अडण्यासारखं काही नव्हतंच, तो सरळ मानेपर्यंत घसरत आला.

पुढचा तुकडा उतरतानाचा होता. मेव्हणा विचारत होता, ‘ताई, पण किती वर्षं ओढणार यांना?’ आणि ताई म्हणत होती, ‘रोज सकाळी हवा भरावी, तेव्हा कुठे दिवसभर चालतात. यांच्या भरवशावर लांबचा प्रवास करायची माझी तर छातीच होत नाही.’

पंचनामा पलंगावर बसला. रोज सकाळी हवा! कालच निघताना ती म्हणाली होती, हा शर्ट तुम्हाला शोभतो. तेव्हा तो दिवसभर ऑफिसात ताठ मानेने फिरला होता. म्हणजे ती हवा होती तर. संसाराला इतकी वर्षं झाली, आणि आता या बाईची लांबच्या प्रवासाची छाती होत नाही. त्याला खरोखर रडू यायला लागलं. ओरखडा कुणी पाडला, हे तो त्या क्षणी विसरूनच गेला.

पण खरा घाव तिसऱ्या तुकड्याने घातला.

‘यांना बदलूनच टाकू,’ बायको म्हणत होती. ‘घरी आत्ता काही बोलू नकोस. उगाच चौकशी मागे लागेल.’

‘नवे बघून ठेवलेत मी,’ मेव्हणा म्हणाला. ‘एकदम दणकट. ओल्यात घसरणार नाहीत.’

‘आणि जुन्यांचं काय करायचं?’

‘माझ्या गच्चीवर ठेवतो की. माती भरून टाकू.’

नवे म्हणे! म्हणजे जो कोणी होता त्यालाही आतापासूनच अहोजाहो चाललं होतं. आणि सख्खा मेव्हणा, ज्याच्या लग्नात पंचनाम्याने पंगतीत वाढपी होऊन वाढलं, तो याला गच्चीवर ठेवून माती भरायला निघाला होता. कशात भरणार होता ते कळत नव्हतं, पण त्याची कल्पनाच पंचनाम्याला करवेना.

सरळ विचारावं, असं त्याच्या मनात आलं नाही असं नाही. पण विचारलं आणि ती हो म्हणाली तर? जगाला प्रश्न विचारून घायकुतीला आणणाऱ्या माणसाला घरात एक प्रश्न विचारायची भीती वाटू लागली. तेव्हा त्याने दुसरा मार्ग धरला. आपल्याला बदलायची वेळ येऊ नये एवढं चांगलं व्हायचं.

सकाळी तो फिरायला जाऊ लागला. येताना भाजी आणू लागला, तीही न घासाघीस करता. दूध उतू गेलं तर मुकाट्याने ओटा पुसू लागला. बायको काहीही म्हणाली तरी ‘बरोबर आहे तुझं’ म्हणायचा. डोक्याला कुठलंसं काळपट तेल चोळायचा, त्याने उशीचा अभ्रा काळा झाला, डोकं होतं तसंच राहिलं. आणि शर्ट शोभतो असं बायको म्हणाली की घाईघाईने म्हणायचा, ‘नको, नको, मला हवेची गरज नाही. मी आपोआप चालतो.’

आता संशय यायची पाळी बायकोची होती. तिने आधी त्याच्या कपाळाला हात लावून बघितला. मग त्याचे खिसे बघितले. लेकीने तर तोंडावरच विचारलं, ‘बाबा, तुमची नोकरी गेली का?’ नाही म्हटल्यावर दोघी स्वयंपाकघरात जाऊन कुजबुजू लागल्या. पंचनामा दाराबाहेर उभा राहून ऐकत होता, आणि ती कुजबुज त्याला निरोपसमारंभाची तयारी वाटत होती.

रविवारी मेव्हणा दारात हजर झाला. म्हणाला, ‘भाऊजी, ताईला घेऊन जरा जाऊन येतो. तुम्ही आराम करा.’ आराम करा, हे ऐकलं मात्र, पंचनामा पायांत चपला सरकवून धावला आणि गाडीच्या मागच्या सीटवर जाऊन बसला. पट्टाही लावला. बायकोने सांगून पाहिलं, मेव्हण्याने समजावून पाहिलं, तो हलेना. शेवटी बायको म्हणाली, ‘येऊ दे. आज ना उद्या कळणारच आहे यांना.’

वाटेत पंचनामा डोळे मिटून बसला होता. समोर वकील असेल की तो नवा दणकट स्वतः असेल, याचा अंदाज येत नव्हता, म्हणून दोघांनाही चालेल असं भाषण तो मनातल्या मनात जुळवत होता. गाडी थांबली. बायको आणि मेव्हणा उतरले. मागचं दार कुणीतरी उघडलं आणि एक घोगरा आवाज म्हणाला, ‘जुने इथेच सोडून जाणार की घरी नेणार?’

‘थांबा!’ पंचनामा डोळे न उघडताच म्हणाला. ‘मी गुळगुळीत झालोय, मान्य. पकड राहिली नाही, तेही मान्य. पण मी गच्चीवर राहणार नाही आणि माती तर मुळीच भरून घेणार नाही. आणि ते नवे कोण बघून ठेवलेत, ते आधी माझ्यासमोर आणा.’



‘हे काय,’ घोगरा आवाज म्हणाला, ‘भिंतीला टेकवून ठेवलेत.’

पंचनाम्याने डोळे उघडले. भिंतीला काळेकुळकुळीत दणकट टेकले होते.

‘चार?’ पंचनामा म्हणाला.

ते टायरचं दुकान होतं. समोर हातात जॅक घेऊन टायरवाला उभा होता आणि त्याने साहेबांना समजावून सांगितलं की बोलणं टायरचं चाललंय, माणसं आपल्याकडे बदलून मिळत नाहीत. मेव्हणा आधी गाडीला धरून हसला, मग खाली बसून हसला. कुंड्यांसाठी जुने टायर त्याला हवे होते, हेही त्याने हसता हसता सांगून टाकलं.

बायको हसत नव्हती. ‘गच्चीचं बोलणं आम्हा दोघांतच झालं होतं,’ ती म्हणाली. ‘तुम्हाला कुणी सांगितलं?’

पंचनाम्याने आरशाकडे बघितलं नाही. पण न बघण्याचा त्याने इतका प्रयत्न केला की बाकीच्या सगळ्यांनी तिकडेच बघितलं. हिरवा दिवा लागलेला होता. मेव्हण्याने सगळी दारं लावली, दिवा गेला. एक उघडलं, दिवा आला. ‘भाऊजी, जोडणी कुठून घेतलीत?’ त्याने विचारलं. छतातल्या दिव्यातून, असं पंचनामा इतक्या हळू म्हणाला की त्याला ते पुन्हा सांगावं लागलं. दार उघडलं की छतातला दिवा लागतो, तसा कॅमेराही लागत होता. इतके दिवस त्याने फक्त माणसांची चढउतार टिपली होती.

मग बायकोने ओरखड्याचंही सांगून टाकलं. ओल्या उतारावर तिने ब्रेक दाबला, गाडी घसरत गेली आणि शाळेच्या फाटकाला घासली. टायर बदला म्हणून ती कधीची मागे लागली होती. पंचनामा प्रत्येक वेळी टायरवर नख मारून म्हणायचा, अजून एक वर्ष सहज काढतील.

‘टायरला नवरा समजलात, त्याचं काही नाही,’ ती म्हणाली. ‘पण मी तुमच्याबद्दल असं बोलेन हे तुम्हाला खरं वाटलं. चोरून ऐकलंत, आणि मला एका शब्दाने विचारलं नाहीत. त्याचं वाईट वाटतंय मला.’

‘तू हो म्हणशील अशी भीती वाटली,’ पंचनामा म्हणाला. हे त्याच्या जुळवलेल्या भाषणात नव्हतं.

टायर बसेपर्यंत ती नव्या टायरच्या रेघा बघत उभी होती आणि पंचनामा तिची पर्स धरून उभा होता. मेव्हणा जुने टायर भाड्याच्या टेम्पोत टाकून निघून गेला. जाताना त्याने भाऊजींनाही टेम्पोत बसायचं निमंत्रण दिलं, ते त्यांनी ऐकलं नाही.

घराकडे परत यायला गाडी बायकोने घेतली. पंचनामा तिच्या शेजारी बसला. नेहमीप्रमाणे काहीतरी विचारावंसं त्याला फार वाटत होतं, आणि विचारायला तोंड राहिलं नव्हतं. पण स्वभावाला औषध नसतं. एक पाय अजून बाहेर होता तेवढ्यात त्याच्याच्याने राहवलं नाही.

‘एक विचारू? जे काही बोललीस ते सगळं टायरबद्दलच होतं ना? एकही वाक्य माझ्याबद्दल नव्हतं?’

बायकोने त्याच्याकडे बघितलं. मग मान वर करून हिरव्या दिव्याकडे बघितलं.

‘आधी दार लावा,’ ती म्हणाली.

त्याने दार लावलं. त्यानंतर ती जे बोलली त्याचा पुरावा कुठेही नाही, आणि जन्मभर लोकांच्या जबान्या घेणारा पंचनामा या एका बाबतीत स्वतः जबानी द्यायला अजून तयार नाही.